तीन बोटं बेकरीकडे

चौकात बेकरी आणि शिंप्याचं दुकान यांच्या मधोमध तो टेकू उभा आहे. लाकडाचा, दोन मजले उंच, बुंध्याशी एका माणसाच्या कवेत जेमतेम मावेल इतका जाड. टेकू म्हटल्यावर त्याच्या डोक्यावर काहीतरी टेकलेलं असणार अशी आपली समजूत असते. ह्याच्या डोक्यावर काही नाही. दोन मजले वर जाऊन तो सरळ हवेत संपतो. फक्त त्या टोकावर कधी पाखरू बसत नाही, आणि तिथून जाणारा धूर थोडा वळसा घालून जातो, एवढंच. खाली नगर कार्यालयाने पाटी लावलेली आहे: 'हा टेकू वास्तवास आधार देतो. येथे सायकली लावू नयेत.' सायकलींबद्दलची सूचना कुणी पाळत नाही. वास्तवाबद्दल कुणाचं काही म्हणणं नाही.

या टेकूची देखभाल ज्या बाई करतात त्यांना सगळा चौक टेकूबाई म्हणतो. त्यांचं पाळण्यातलं नाव वेगळं आहे, पण ते आता त्यांच्या नवऱ्यालाही आठवावं लागतं. तो त्यांना 'अगं' म्हणतो, त्या त्याला 'अहो' म्हणतात, आणि संसार व्यवस्थित चालतो.

खरं म्हणजे नोकरी नवऱ्याची होती. टेकूची मोगरी, म्हणजे ती लाकडी हातोडी, घराबाहेर जाऊ द्यायची नाही असा नियम आहे. त्यामुळे बापानंतर मुलगा हे ठरलेलंच होतं. टेकूबाईंचे सासरे निवृत्तीला आले तेव्हा त्यांनी एका सकाळी मुलाला चौकात नेलं. मुलगा तेव्हा काही वर्षं शाळेत भूमिती आणि चित्रकला शिकवत होता. त्याने टेकूकडे पाहिलं, एक डोळा मिटून पुन्हा पाहिलं, आणि खिशातून ओळंबा काढला. दोरीला बांधलेलं ते शिशाचं वजन टेकूशेजारी लोंबायला लागलं तेव्हा दिसलं, की टेकू चांगला तीन बोटं बेकरीकडे कललेला आहे.

"बाबा, हा वाकडा आहे."

"आहे."

"सरळ करू?"

मामंजींनी त्याच्या हातातून ओळंबा काढून घेतला, आपल्या कोटाच्या खिशात टाकला आणि घरी आले. सूनबाई लग्न होऊन दोन महिने झालेल्या, स्वयंपाकघरात शेंगा सोलत बसल्या होत्या. मामंजी म्हणाले, "सूनबाई, शेंगा राहू द्या. चला जरा माझ्याबरोबर." त्या गेल्या त्या गेल्याच. त्या दिवशीच्या शेंगा शेवटी मुलाने सोललेल्या होत्या, आणि सगळे दाणे एका रांगेत मांडून ठेवले होते.

काम दिसायला सोपं. सकाळी आठला कार्यालयाचा निळा डगला घालून जायचं, डावा खांदा टेकूला लावायचा आणि थांबायचं. टेकू जरा सैल झालेला असला, किंवा हवेने सरळ व्हायला लागलेला असला, तर खांद्याच्या हाडाला कळतं. मग बुंध्याखालची पाचर मोगरीने ठोकायची. कधी दोन ठोके, कधी सात. कार्यालयाच्या दप्तरात याबद्दल एकच वाक्य आहे: 'कल तीन बोटे, बेकरीकडे.' कुणाची बोटं ते लिहिलेलं नाही.

वाकडा का ठेवायचा हे मामंजींनी पहिल्याच दिवशी सांगितलं होतं. "पाटावर वाटाणा ठेवला तर तो कधी पुढे जातो? पाट कलता असेल तर. दिवसाचं तसंच आहे, सूनबाई. जगाला हा एवढासा उतार आहे, म्हणून सकाळची दुपार होते, चहा निवतो आणि माणूस म्हातारा होतो. उतार काढलात की सगळं जागच्या जागी." टेकूबाईंना ते पटलं. त्यांना वाटलं, मुलाला हे ठाऊकच असणार. मामंजींना वाटलं, सूनबाई नवऱ्याला सांगेलच. आणि नवरा त्या दिवसापासून टेकूचा विषय निघाला की उठून जायचा. एका घरात राहून तिघांनी हा गैरसमज मामंजी होते तोवर सांभाळला, आणि पुढे दोघांनी.

नवऱ्याला गाव सर म्हणतं. सरांसारखा सरळ माणूस मिळणार नाही, आणि हे त्यांच्या हातापायांनाही लागू आहे. भिंतीवरची तिरकी चौकट त्यांना बघवत नाही, मग भिंत कुणाचीही असो. एकदा सांत्वनाला गेले आणि बोलता बोलता गेलेल्या माणसाचा फोटो सरळ करून आले. घरच्यांना वाटलं, केवढा हा जिव्हाळा. चौकातून जाताना मात्र ते मान खाली घालून जायचे. लोकांना वाटायचं सर नम्र आहेत.

सव्वीस वर्षांत टेकूबाईंनी एक दिवस रजा घेतली नाही. एकदा तापाने फणफणल्या होत्या म्हणून आठच्या ऐवजी नऊला पोचल्या. त्या तासाभरात टपाल कचेरीच्या जिन्याला एक पायरी जास्तीची आली ती आजतागायत आहे. जुने लोक ती ओलांडून जातात, नवे अडखळतात. तेव्हापासून त्यांनी तापही सुट्टीच्या वेळात काढला.

या हिशेबात एक गोष्ट राहून गेली. त्यांची एकुलती एक लेक, जिला सगळे ठमी म्हणतात, पाच तासांच्या प्रवासावर नोकरीला गेली, तिथेच तिने लग्न ठरवलं आणि केलं. लग्नाला सर गेले. बाई जाऊ शकल्या नाहीत. सरांनी परत आल्यावर सगळं सांगितलं: मंडपाचे कोपरे, रांगा, खुर्च्यांमधलं अंतर. ठमी कशी दिसत होती असं विचारल्यावर म्हणाले, मधोमध. त्यानंतर दोन वर्षं ठमी आईशी फोनवर बोलायची, पण हवापाण्याचं.

मग तिला दिवस गेले. आठव्या महिन्यात तिचा फोन आला. ती रडली नाही, भांडली नाही. म्हणाली, "आई, लग्नाचं मी सोडून दिलं. पण या वेळी आली नाहीस ना, तर पोराला सांगेन की तुला आजी नाही, टेकू आहे."

बाईंनी फोन ठेवला आणि दुसऱ्या दिवशी कार्यालयात जाऊन रजेचा अर्ज मागितला. हेडक्लार्कने चष्मा वर करून त्यांच्याकडे पाहिलं. असा अर्ज त्याच्या कारकीर्दीत कुणी मागितला नव्हता. शोधाशोध करून कपाटाच्या तळातून तो निघाला. त्यात एक रकाना होता: 'रजेच्या काळात वास्तव कोणाच्या भरवशावर राहील?' मोगरी घराबाहेर जायची नाही, तेव्हा उत्तर एकच होतं. टेकूबाईंनी बराच वेळ लेखणी धरून ठेवली, आणि नवऱ्याचं नाव लिहिलं. पुढे कंसात 'निवृत्त शिक्षक' असंही लिहिलं, तेवढाच भरवसा.

सरांना हे कळलं तेव्हा त्यांनी आढेवेढे घेतले नाहीत. ठमीच्या बाबतीत ते विरघळायचेच. चार दिवस बाईंनी त्यांना खांदा कसा लावायचा ते दाखवलं, आणि निघताना भिंतीवर चिठ्ठी डकवली: 'आठ वाजता. डावा खांदा. लागेल तेवढे ठोके. बाकी काही करू नये.' 'बाकी काही'च्या खाली दोन रेघा ओढल्या. रेघा घाईत तिरक्या आल्या. बाई गेल्यावर सरांनी पहिलं काम केलं ते म्हणजे त्या पट्टीने नीट ओढल्या.

पहिले दोन दिवस निर्वेध गेले. इस्पितळाच्या खोलीत बाई लेकीच्या उशाशी बसल्या, तिचे केस विंचरले, जावयाला डबा कुठला घ्यावा हे सांगितलं. ठमी मधूनच म्हणायची, "तू खरंच आलीयेस ना?" आणि बाई म्हणायच्या, "बघ हात लावून." दोघींचंही एवढ्यावर भागत होतं.

तिसऱ्या दिवशी सकाळी कळा सुरू झाल्या. दुपारपर्यंत वाढत गेल्या. नर्स येऊन बघून म्हणाली, आता फार वेळ नाही, चारपर्यंत मोकळी होईल. जावई बाहेर येरझाऱ्या घालायला लागला. बाईंनी चहा मागवला, पण घोट घेतला नाही, खिडकीच्या कट्ट्यावर ठेवून दिला. भिंतीवरच्या घड्याळात पावणेचार झाले होते.

थोड्या वेळाने ठमी म्हणाली, "आई, थांबल्या."

"काय थांबल्या?"

"कळा."

नर्स आली, हात लावून पाहिलं, म्हणाली, होतं असं कधीकधी. गेली. परत आली. बाईंनी घड्याळाकडे पाहिलं: पावणेचार. घड्याळ टिकटिकत होतं, काटे हलत नव्हते. नर्सने आपलं मनगट पाहिलं, तिथेही पावणेचार. कोपऱ्यातला गळका नळ, जो तीन दिवस थेंब थेंब करून जीव खात होता, त्याच्या तोंडाशी एक थेंब धरून बसला होता. बाईंनी कट्ट्यावरचा कप उचलला. चहा अर्ध्या तासापूर्वी होता तेवढाच गरम होता. वाफ त्याच्यावर उभी होती, जात नव्हती.

टेकूबाईंनी कप खाली ठेवला आणि फोन काढला.

चौकात काय झालं होतं ते सरांनी पुढे कार्यालयाला दिलेल्या जबाबात सविस्तर लिहिलेलं आहे. त्या सकाळी हवेत गारठा होता. त्यांनी वडिलांचा जुना कोट काढून घातला. खिशात हात घातला तर हाताला ओळंबा लागला. सकाळी आठचं काम त्यांनी चिठ्ठीबरहुकूम केलं. ओळंबा खिशातच होता. घरी येऊन जेवले. ओळंबा खिशातच होता. तीन वाजता, केवळ कल आहे तेवढाच आहे ना हे पाहावं म्हणून, ते पुन्हा चौकात गेले. पाहायला काय हरकत होती? पाहिलं. मग पाचर थोडी सैल करून पाहिली. मग जबाबात एक वाक्य आहे: 'त्यानंतर हात आपोआप चालला.'

टेकू सरळ झाला. अगदी दोरीत. बेकरीच्या कपाटाचं दार, जे चाळीस वर्षं आपोआप उघडायचं, ते मिटलं. समोरच्या माडीवरच्या सगळ्या चौकटी सरळ झाल्या. सर दोन पावलं मागे गेले आणि त्यांनी पाहिलं. शिंप्याने पुढे सांगितलं की सरांच्या डोळ्यांत पाणी होतं, पण ते खाली ओघळत नव्हतं.

बाईंचा फोन आला तेव्हा चौकात गर्दी जमायला सुरुवात झाली होती. कार्यालयातले लोक खाली उतरले होते. त्यांचे पाच वाजत नव्हते, आणि हा प्रश्न त्यांनी तातडीचा मानला होता. ढकललेल्या वस्तू हलत होत्या, चाललेली माणसं चालत होती. जे आपण होऊन व्हायचं ते मात्र कुठेच होत नव्हतं.

"अहो," बाई म्हणाल्या, "काय केलंत?"

"सरळ केला," सर म्हणाले. त्यांचा आवाज फार समाधानी होता.

मग बाईंनी, इस्पितळाच्या व्हरांड्यात एका कानावर हात ठेवून, सव्वीस वर्षांपूर्वी सांगायला हवं होतं ते सांगितलं. वाटाणा, पाट, उतार. सर ऐकत राहिले. सगळं ऐकून झाल्यावर म्हणाले, हे बाबांनी मला का नाही सांगितलं? बाई म्हणाल्या, त्यांना वाटलं मी सांगेन. मग तू का नाही सांगितलंस? त्या म्हणाल्या, तुम्ही उठून जायचात. ते खरोखरच उठून जायचे.

"आता होता तसा करा."

"किती?"

"तीन बोटं."

"कुणाची?"

आजवर टेकूबाईंनी बोटं कधी लावलीच नव्हती. खांदा लावला होता. त्यांनी डोळे मिटून रोजची सकाळ आठवली: डावा खांदा टेकूला, मान जरा उजवीकडे, आणि समोर काय दिसतं? बेकरीच्या शटरचं कुलूप. ठोके बरोबर बसले की ते पूर्ण दिसतं, कमी पडले की टेकूच्या कडेआड अर्धं जातं.

सरांना मोगरीसाठी दोन्ही हात मोकळे हवे होते, म्हणून फोन शिंप्याने त्यांच्या कानाशी धरला. शिंपी सरांच्या निम्म्याने होता, त्याला स्टूल आणावं लागलं.

"खांदा लावलात? कुलूप दिसतंय?"

"कुलूप नाही दिसत. पाटी दिसतेय. 'ताजा पाव.'"

"तुम्ही उंच आहात. माझ्या उंचीला या."

"म्हणजे?"

"गुडघे वाकवा."

"इथे? सगळ्यांसमोर?"

"वहिनी म्हणतायत तर वाकवा, सर," शिंपी म्हणाला. "मला पण स्टूलावरून उतरता येईल."

सरांनी गुडघे वाकवले. ज्या माणसाने अडतीस वर्षं वर्गात मुलांना ताठ बसा म्हणून सांगितलं, तो वडिलांच्या कोटात, बायकोच्या उंचीचा होऊन, टेकूला खांदा लावून उभा राहिला. आता कुलूप कुठे असायला हवं होतं ते कळत होतं. मोगरी उचलली. मोगरी हवेतच राहिली.

फोनवर मागून कुणीतरी विचारत होतं, साहेब, पाच कधी वाजतील? आतून ठमीने हाक मारली, "आई, कुठे गेलीस?" तो आवाज बाईंनी तीन दिवसांत पहिल्यांदा घाबरलेला ऐकला.

"अहो, ठोका ना."

"हात उतरत नाहीये," सर म्हणाले. "अगं, मी आयुष्यात जाणूनबुजून काही वाकडं केलेलं नाही. मला ते करताच येत नाही. आणि हे इतकं सरळ झालंय."

बाईंना खूप काही बोलता आलं असतं. मंडपाच्या कोपऱ्यांपासून सुरुवात करता आली असती. ठमी पुन्हा हाक मारत होती.

"मग वाकडं करू नका," त्या म्हणाल्या. "मी करते तसं करा."

पहिला ठोका त्यांना फोनवर ऐकू आला. मग दुसरा. शिंपी मोजत होता, तीन, चार. पाचव्या ठोक्याला आत खोलीतल्या नळाचा थेंब पडलेला ऐकू आला. सहाव्या ठोक्याला सर म्हणाले, "दिसलं कुलूप. कडीसकट." बाईंनी फोन तसाच चालू खिशात टाकला आणि आत धावल्या.

मुलगी झाली. आजीचा हात लेकीच्या हातात होता, आणि लेकीने तो इतका घट्ट धरला होता की डाव्या खांद्यापर्यंत कळ गेली. घड्याळाचे काटे नुकतेच हलायला लागले होते. नर्सच्या कागदावर बघाल तर कळा थांबणं, डॉक्टरांना बोलावणं, त्यांचं येणं, जावयाचं दोनदा बेशुद्ध पडणं आणि बाळाचा जन्म हे सगळं पावणेचार वाजताच घडलेलं आहे. कट्ट्यावरच्या चहावर साय धरली. तोही मग जावयाने पिऊन टाकला.

बाईंनी खिशातला फोन काढला तेव्हा तो चालूच होता. पलीकडे शिंप्याचा आवाज होता. म्हणाला, बाळाचं रडणं सगळ्या चौकाने ऐकलं, आणि सरांचे गुडघे अजून सरळ होत नाहीयेत, दोघं मिळून उठवतोय.

रजा चार दिवसांची होती, ती सहा झाली. दरम्यान कार्यालयाने सरांना 'वास्तव विनापरवानगी सरळ केल्याबद्दल' नोटीस दिली आणि कारण विचारलं. सरांनी चार पानी जबाब लिहिला, पण कारणाच्या रकान्यात एकच शब्द होता: सवय. हेडक्लार्कने ते मान्य केलं. त्याचीही सव्वीस वर्षं त्याच खुर्चीत गेली होती.

सातव्या सकाळी आठ वाजता टेकूबाई निळा डगला घालून चौकात आल्या. सर मागे हात बांधून उभे राहिले, निकालाच्या दिवशी मुलं उभी राहतात तसे. बाईंनी डावा खांदा लावला. थांबल्या. बराच वेळ थांबल्या. समोर कुलूप होतं, आणि कुलपाच्या वर कडी. सव्वीस वर्षांत कडी कधी दिसली नव्हती.

"कसं आहे?" सरांनी विचारलं.

"वाकडं आहे."

"होतं तेवढंच?"

"केसभर जास्त."

सरांचा चेहरा पडला. बाईंनी मोगरी हातात घेतली, पाचरीशी वाकल्या. मग पाच तासांवरच्या त्या खोलीतली ती एवढीशी पोर त्यांच्या डोळ्यांसमोर आली, तिथल्या पाळण्यात तीन दिवस याच उतारावर निजलेली. तिच्या दृष्टीने जग पहिल्यापासून एवढंच कललेलं होतं. आता मध्येच कशाला तिची उशी हलवायची?

मोगरी त्यांनी डगल्यात ठेवली. "राहू द्या," म्हणाल्या.

तेव्हापासून त्या चौकात संध्याकाळचे पाच किंचित लवकर वाजतात. कार्यालयातून याबद्दल अजून एकही तक्रार आलेली नाही.

सर मात्र तसेच उभे होते. मान हळूहळू तिरकी होत होती, एक डोळा मिटत होता. केसभर. बाईंनी त्यांच्या कोटाच्या खिशात हात घातला, ओळंबा काढून घेतला, आपल्या डगल्याच्या खिशात टाकला, आणि त्यांना दंडाला धरून पाव घ्यायला घेऊन गेल्या.